आठ दोऱ्या

दफनाची व्यवस्था बघणाऱ्या लॅमाँटनं पाकीट फोडलं, चष्मा नाकावर सारला आणि कागद उजेडाकडे धरला. उजेड तसा नव्हताच. पडदे तीन दिवस खाली ओढलेले होते आणि एप्रिलची सकाळ त्यांच्या कडेनं जेवढी आत शिरेल तेवढीच.

"पहिली दोरी," तो म्हणाला, "रॉडी मॅकॅस्किल."

खोलीत कुणी हललं नाही. शेजारच्या खोलीत मुंगो गेडीस झाकण लावलेल्या पेटीत होता. तो तर हलणार नव्हताच.

कार्नेहिलमध्ये माणूस जमिनीत उतरतो तो आठ दोऱ्यांवर. प्रत्येक दोरीला नंबर, प्रत्येक नंबराचं पत्त्याएवढं एक कार्ड, आणि कार्डावर नाव. उशाची पहिली दोरी थोरल्या मुलाची. हे कुठं लिहून ठेवलेलं नाही. पाऊस वरून खाली पडतो, हेही कुणी लिहून ठेवलेलं नाही.

लॅमाँट वाचत गेला. दुसरी चुलतभावाची. तिसरी पेट्रीची. मग क्लबातले चार जुने खेळाडू. आठवी शेजारच्या कबुतरवाल्याची. त्यानं कागद उलटा करून पाहिला. मागे काही नव्हतं.

"आठ," तो म्हणाला. "खाली सही आहे. तारीख गेल्या महिन्याची."

ड्रू खिडकीपाशी उभा होता. मुंगोचा थोरला मुलगा. बावन्न वर्षांचा, कार्लाइलच्या एका शाळेत मैदान राखणारा. जानेवारीत गुडघा बदललेला. काठी त्यानं पडद्याआड ठेवली होती, पण ती सगळ्यांना दिसत होती.

"छान," तो म्हणाला. "मी मागं उभा राहीन. मला सवय आहे."

"मागं उभा राहशील!" एफी आत्या खुर्चीतून पुढे वाकली. मुंगोची बहीण, ब्याऐंशीची, आवाज अजून खाणीच्या भोंग्यासारखा. "आणि उशाशी कोण? जावई! उद्या म्हणाल, पोस्टमनला बोलवा."

मुंगोच्या मुलीनं, मोरॅगनं, रॉडीच्या दंडाला हात लावला. "बाबांनी लिहिलंय, आत्या. बाबांचं अक्षर आहे."

"अक्षर मलाही वाचता येतं. त्या अक्षरात तुझं नाव कुठं आहे ते दाखव. ज्या यादीत तू नाहीस, तिच्यासाठी भांडतेस होय!"

लॅमाँट खाकरला. "दोन वाजता प्रार्थना आहे. कार्डं लिहायला बारापर्यंत नावं नक्की लागतील." एवढं बोलून तो बाहेर गेला. अशा घरात थांबायचं कुठं, हे त्याला त्याच्या बापानं शिकवलं होतं: दाराबाहेर, भांडण ऐकू येणार नाही इतकं लांब, हाक ऐकू येईल इतकं जवळ.

*

मुंगोची बायको इसा स्वयंपाकघरात कपबशा पुसत होती. पुसलेल्याच. यादी तिनं आतूनच ऐकली होती. या घरात यादी नेहमी आतूनच ऐकायची, असा तिचा जन्म गेला होता.

मुंगो पंधराव्या वर्षी खाणीत उतरला आणि एकोणिसाव्या वर्षी वर आला, तो डाव्या पायाच्या जोरावर. गल्लीतल्या पोरी दोरीवर उड्या मारताना त्याचं गाणं म्हणायच्या. इसाही म्हणाली होती, तेव्हा तिला तो ठाऊकही नव्हता:

मुंगो गेला खाणीत, कोळसा भरला गोणीत,
चेंडू मारला डाव्यानं, चंद्र पडला पाण्यात.

मग इंग्लंडात बारा वर्षं फुटबॉल, डावा हाफ. देशाकडून एकच सामना, वेल्सविरुद्ध, असल्या पावसात की फोटोत कोण कुठला हे ओळखू येत नाही. शेवटची दोन वर्षं तो दुखणं मारायच्या सुयांवर खेळला. शनिवारी दुपारी पायात सुई, संध्याकाळी टाळ्या आणि रविवारी इंग्लंडातल्या त्या घरात जिना चढायचा तर बसून, एकेक पायरी ढुंगणावर सरकत. पोरांना वाटे, बाबा खेळ करतायत. पोरं मागून सरकत यायची, खिदळत. इसा खाली उभी राहून बघायची. ती कधी हसली नाही आणि काही बोललीही नाही.

एकतिसाव्या वर्षी तो कार्नेहिलला परतला आणि क्लबचा प्रशिक्षक झाला. तीस वर्षं राहिला. गरीब क्लब, जर्सी धुवायला माणूस कुठला? जर्सी इसाकडे आल्या. सामना कसा झाला, हे तिला वर्तमानपत्राआधी चिखलावरून कळे. ज्याची जर्सी कोरडी तो पुढच्या शनिवारी बाहेर. यादी मुंगो शुक्रवारी रात्री याच टेबलावर लिहायचा आणि शनिवारी दीड वाजता कपडे बदलायच्या खोलीच्या दारावर टाचायचा. टाचली की टाचली. क्लबच्या अध्यक्षानंसुद्धा ती कधी बदलली नव्हती. कुणी विचारलं, का हो बॉस, तर तो म्हणायचा, "कागदावर आहे ना? मग झालं."

आणि त्या मे महिन्यात, अठ्ठावीस वर्षांपूर्वी, खाणकामगारांचं हे पोरकं गाव चषकाच्या अंतिम सामन्याला हॅम्पडेनच्या मोठ्या मैदानावर पोचलं. उपांत्य सामन्यातले दोन्ही गोल ड्रूचे. चोवीस वर्षांचा, नऊ नंबर. दीड वाजता दारावर यादी लागली आणि नऊ नंबरासमोर रॉडी मॅकॅस्किल लिहिलेलं होतं. राखीव खेळाडूंतही ड्रू नव्हता. तो नव्या सुटात वर प्रेक्षकांत आईशेजारी येऊन बसला आणि नव्वद मिनिटं त्यानं टाळ्या वाजवल्या. कार्नेहिल एका गोलनं हरलं. शेवटी शेवटी रॉडीचा चेंडू गोलच्या खांबाला लागून परत आला.

सोमवारी इसानं जर्सी धुतल्या. नऊ नंबर पाण्यात टाकण्याआधी तिनं नाकाशी धरला. त्यात तिच्या मुलाचा वास नव्हता.

महिन्याभरात ड्रू इंग्लंडातल्या एका क्लबाला विकला गेला. त्यानंतर बापलेक वर्षअखेरीला भेटत. ड्रू रीतीप्रमाणे, नव्या वर्षाचा शकुन म्हणून, कोळशाचा तुकडा आणि बाटली घेऊन उंबरठ्यावर उभा राही. "थंडी आहे." "आहे खरी." "कार्लाइलला बर्फ पडला." "इथंही पडेल." एवढ्यावर अठ्ठावीस वर्षं निघाली.

*

मागच्या पायऱ्यांवर, कपडे वाळत घालायच्या खांबांपाशी, रॉडी सिगारेट पेटवायचा प्रयत्न करत होता. वारा पेटवू देत नव्हता.

"मी नाही धरणार," तो म्हणाला.

"धरशील," मोरॅग म्हणाली.

"एकदा त्याची जागा घेतली. तो खांब अजून वाजतो माझ्या डोक्यात, कढईवर पळी मारल्यासारखा. आता बापाच्या उशाशीही त्याचीच जागा घेऊ?"

"तू घेतली नव्हतीस. बाबांनी दिली होती."

"मोरॅग, देणारा निघून जातो. घेणाऱ्याला गावात राहावं लागतं. आजही पबात कुणीतरी म्हणतंच, 'रॉडी, तो चेंडू दोन बोटं आत असता तर?' अगं, दोन बोटं! मी मोजून आलोय तो खांब."

मोरॅग हसली नाही. तिनं दोरीवरचा एक चिमटा काढला आणि हातात फिरवत राहिली. "चार वर्षं बाबांना आंघोळ कुणी घातली?"

"तू."

"नखं कुणी कापली? रात्री हाक मारली की कोण उठायचं? आणि तो यायचा, वर्षातून एकदा, हवेचा अंदाज सांगायला. आता उशाशी मात्र तोच?"

"मग तुझं नाव का नाही?"

"बायका दोरी धरत नाहीत."

"असं कोण म्हणतं?"

"कुणी म्हणावं लागत नाही." ती थांबली. "माझं नाव नसेल तर तुझं तरी असू दे."

रॉडीनं विझलेली सिगारेट परत पाकिटात घातली. हा माणूस कुशाग्र नव्हता, पण तो सेंटर फॉरवर्ड होता. समोरच्या बचावात कुठं फट आहे, ते त्याला दिसायचं. गोल होवो न होवो.

"तू त्यांना विचारलं होतंस का? ड्रूचं नाव का नाही म्हणून?"

चिमट्याची स्प्रिंग सुटली आणि गवतात उडाली. मोरॅग ती शोधायला वाकली, मग शोधता शोधता तशीच घरात निघून गेली.

*

साडेअकराला पेट्री आला. क्लबचा जुना मालिशवाला. खेळाडू पडला की बादली आणि स्पंज घेऊन मैदानात पळायचा तो. वय चौऱ्याऐंशी, काळा टाय, डोक्यावर चार केस, तेही पाणी लावून बसवलेले. एफी आत्या त्याची वाटच बघत होती.

"ये. तुझं नाव आहे यादीत, तिसरं. पोटच्या पोराचं नाही. तुला लाज वाटते का रे?"

"लाज मला शाळेतच आखूड झाली, एफी. मग आईनं ती धाकट्याला दिली." तो बसला, कप घेतला आणि खोलीभर नजर फिरवली. "काय झालंय?"

"झालं काही नाही, पेट्रीकाका," ड्रू म्हणाला. "बाबांची टीम. त्यांनी निवडली."

"असं बोलू नकोस," एफी आत्या म्हणाली. "तुझ्या हक्कासाठी मी इथं घसा फोडतेय आणि तू आपला खिडकीतल्या कुंडीसारखा!"

"हक्क कसला, आत्या? तिथं दीड वाजता कागद लागला, इथं पाकिटातून निघाला. फरक इतकाच, की या वेळी कुणाला विचारताही येणार नाही."

"त्या वेळी विचारलं होतंस?" मोरॅग एकदम म्हणाली.

"नाही."

"मी विचारलं होतं." ती दारात उभी होती, हातात लाकडी चिमट्याचे दोन तुकडे. "या वेळी. यादी लिहून झाल्यावर. मी म्हटलं, 'आणि ड्रू?' ते म्हणाले, 'गुडघा.' बस. भिंतीकडे तोंड केलं."

"आणि हे तू आम्हांला आता सांगतेस?" एफी आत्या म्हणाली.

"मला वाटलं, सबब सांगतायत. आणि…" तिनं रॉडीकडे पाहिलं नाही. "आणि रॉडीचं नाव तिथं बघून मला बरं वाटलं. अगदी खरं सांगायचं तर फार बरं वाटलं."

पेट्रीनं कप बशीत ठेवला. बशी वाजली.

"काय म्हणाले? परत सांग."

"गुडघा."

"हाच शब्द," पेट्री म्हणाला. "त्या शुक्रवारीही हाच एक शब्द." तो ड्रूकडे वळला. "पोरा, गुरुवारी सरावात तू उजव्या गुडघ्यावर पडलास. कुणाला सांगितलं नाहीस. दार लावून मोजे चढवलेस."

"तुम्हांला काय ठाऊक?"

"माझं काम काय होतं? पाय बघणं. मी बॉसला सांगितलं. क्लबचा डॉक्टर सुई काढून तयारच होता. म्हणाला, एक टोचली की नव्वद मिनिटं पळेल घोड्यासारखा. बॉसनं विचारलं, 'आणि एक्याण्णवाव्या मिनिटाला?' डॉक्टरनं सुई परत डबीत ठेवली. बॉसनं यादी घेतली, नऊ नंबरापुढचं तुझं नाव खोडलं. मला म्हणाले, 'गुडघा. हा शब्द या खोलीबाहेर गेला तर इंग्लंडवाले पोराला घेणार नाहीत. तोंड शिवून टाक.' मी शिवलं."

घड्याळ चालत होतं. मेलेल्याच्या घरात ते थांबवायची जुनी रीत होती, पण इसानं थांबवू दिलं नव्हतं.

एफी आत्याचा चेहरा सैलावला. "म्हणजे पोराच्या भल्यासाठीच की रे! आणि आम्ही त्याला इतकी वर्षं दगड म्हणत आलो. बघ ड्रू, बापाची माया—"

"गुडघा माझा होता," ड्रू म्हणाला.

आवाज मोठा नव्हता. शाळेच्या मैदानावर तो गवतावर चालणाऱ्या पोरांना हटकायचा, तेवढाच.

"मला विचारायला हवं होतं. मी म्हणालो असतो, टोचा. मूर्ख होतो, टोचाच म्हणालो असतो. मग त्यांनी नाही म्हणायचं होतं, भांडायचं होतं, कानाखाली मारायची होती. पण विचारायचं होतं. अठ्ठावीस वर्षं मी माझ्या खेळात काय खोट होती ते शोधत बसलो. इंग्लंडात खेळत होतो तोवर दर शनिवारी दीड वाजता मला ओकारी व्हायची, दारावर कागद लागायच्या वेळेला. यादीत नाव असलं तरी व्हायची."

"गुडघा टिकला ना पण?" पेट्रीनं हळूच विचारलं.

"पाच वर्षं टिकला. टिकला, काका. त्यांचं बरोबरच होतं." तो हसला, पण कुणाकडे बघून नाही. "हेच तर. माणूस बरोबर असला की भांडायचं कुणाशी?"

रॉडी इतका वेळ दाराच्या चौकटीला टेकून होता. "म्हणजे मला घेतलं ते," तो म्हणाला, "मी चांगला होतो म्हणून नाही."

"तू बरा होतास," पेट्री म्हणाला.

"बरा!" रॉडी म्हणाला आणि का कुणास ठाऊक, दोघं एकदम हसले, तो आणि ड्रू. एफी आत्यानं शेजारच्या खोलीकडे बोट करून दोघांना दटावलं.

*

तेवढ्यात इसा आली. एप्रन काढून, काळ्या पोशाखात, केस नीट बांधलेले. ती टेबलापाशी गेली नाही. ड्रूसमोर जाऊन उभी राहिली. तिचं डोकं त्याच्या खांद्यालाही पोचत नव्हतं.

"ड्रू, तिथं उतार आहे. रात्री पाऊस झालाय, फळ्या निसरड्या असतील. उशाच्या दोरीवर वजन जास्त येतं, तुझे बाबा हाडापेरानं मोठे होते. गुडघा टिकेल?"

सगळ्यांनी ड्रूकडे पाहिलं. त्यानं खरोखरच गुडघ्यावर भार टाकून पाहिला, एकदा, दोनदा, लिलावात माणूस घोड्याचा पाय तपासतो तसा.

"ठाऊक नाही, आई."

"बरं. ठाऊक नाही तर नाही. धरशील?"

"धरेन."

"झालं," इसा म्हणाली. तिनं यादी उचलली. मुंगोच्या कानामागे नेहमी असायची ती शिसपेन्सिल आता तिच्या खिशात होती. उभ्या उभ्याच ती लिहू लागली. तीस वर्षं तिनं या याद्या पुसलेल्या टेबलावर पाहिल्या होत्या, पेन्सिल आज पहिल्यांदा लावत होती.

"एक, ड्रू. तीन, रॉडी. त्याच्या शेजारी."

"तीन मी आहे," पेट्री म्हणाला. "पण काढ माझं नाव, इसा. चौऱ्याऐंशीचा मी. बॉसच्या मागोमाग मीच खड्ड्यात जायचो आणि तुम्हांला माझीही दोरी आजच ओढावी लागायची."

"दोन, मोरॅग."

एफी आत्या खुर्चीतून उठली. ती सहसा उठत नसे. "बाई? दोरीवर? पाद्री काय म्हणेल?"

"पाद्री कधी जर्सी धुवायला आला नव्हता."

"आणि चुलतभाऊ? त्याचं नाव खोडलंस!"

"त्याची पाठ धरलीय. तो मनातून नाचेल."

मोरॅगनं चिमट्याचे तुकडे खिशात घातले. ड्रूनं पडद्याआडची काठी घेतली आणि तिच्याजवळून जाताना म्हणाला, "दोन नंबर पायाशी असतो. सरळ समोर बघ माझ्याकडे, खाली बघू नकोस. चक्कर येते."

"तुला रे काय माहीत? तू कधी धरलीयस?"

"नाही."

बाहेर लॅमाँटनं आठ कार्डं लिहिली. शाई वाळावी म्हणून फुंकर घातली. यादी बदललेली आहे, हे त्यानं पाहिलं आणि पाहिलं नाही.

*

टेकडीवर वारा होता. खालच्या गावातल्या धुराड्यांपैकी दोन-तीनच आता धूर सोडत. खाण बंद होऊन वर्षं झाली होती. बायका पूर्वी कबरीपर्यंत येत नसत. आज आल्या होत्या आणि थोड्या मागं उभ्या होत्या. एफी आत्या इसाचा दंड धरून होती. कुणी कुणाला सावरलं होतं, ते सांगता आलं नसतं.

लॅमाँट हळू आवाजात नंबर पुकारत होता.

"एक."

ड्रूनं काठी शेजारच्या दगडाला टेकवली आणि पुढे आला. "दोन," म्हटल्यावर माणसांत थोडी कुजबुज झाली. मोरॅग पायाशी येऊन उभी राहिली, हातमोजे काढून. तीन, चार, पाच. रॉडी भावासारखा ड्रूच्या कोपराला लागून उभा राहिला, कारण जागाच तेवढी होती. आठही झाले. फळ्या काढल्या गेल्या आणि मुंगोचं वजन एकदम सगळ्यांच्या मुठींत आलं.

"सावकाश," लॅमाँट म्हणाला.

दोरी तळहातातून सरकू लागली. पहिलं हातभर ठीक गेलं. मग उतारावर पेटी उशाकडे कलली आणि ड्रूचा गुडघा हलायला लागला. रागावलेला नव्हे, घाबरलेलाही नव्हे, नुसता हलत होता, तारेवरच्या कपड्यासारखा. पायाशी मोरॅगला ते दिसलं. तिनं खाली बघितलं नाही.

"ड्रू," रॉडी ओठ न हलवता म्हणाला. "टेकू देऊ का?"

ड्रू पेटीवरच्या पितळी पाटीकडे बघत होता.

"दे," तो म्हणाला.

रॉडीनं खांदा लावला. त्याची स्वतःची दोरी तसूभर घसरली, त्यानं पकडली. पेटी सरळ झाली, उतरली, खाली मातीला लागली. दोऱ्या सैल पडल्या.

"सोडा," लॅमाँट म्हणाला.

सात दोऱ्या लाकडावर पडल्या, पाठोपाठ, पावसाच्या मोठ्या थेंबांसारख्या. मग काहीच नाही. मग आठवी.

"एक नंबरला उशीर झाला," एफी आत्या पुटपुटली.

"होऊ दे," इसा म्हणाली.